जप्त केलेले खत कोणाचे?

खताचे पोते ओलीत ठेवले तर काय होते, ते तुम्हाला सांगायला नको. युरिया ओल धरतो. आधी त्याचे ढेकूळ होते, मग पाणी सुटू लागते. पोते जागच्या जागी दिसते, पण आतला माल गेलेला असतो. एवढी गोष्ट ध्यानात ठेवा. पुढचा सारा खटला तिच्यावरच झाला.

खत, बियाणे यांचा व्यापार वाटेल तसा करता येत नाही. त्याला परवाना लागतो. माल किती आला, किती विकला, याचा हिशेब ठेवावा लागतो. खतावरचे हे नियम १९५५ सालच्या जीवनावश्यक वस्तू कायद्याखाली केलेले आहेत. नियम मोडल्याचा संशय आला तर अधिकारी माल ताब्यात घेतो. याला जप्ती म्हणतात.

जप्ती झाली की माल सरकारचा झाला, असे पुष्कळांना वाटते. "गेलं ते गेलं," म्हणून माणूस कपाळाला हात लावून बसतो. पण जप्ती म्हणजे माल अडकवून ठेवणे. तो कायमचा सरकारजमा करायचा तर कलेक्टरचा वेगळा हुकूम लागतो. आणि कलेक्टरलाही एकदम हुकूम देता येत नाही. आधी मालकाला लेखी नोटीस द्यावी लागते. माल का घेतला, ते तिच्यात लिहावे लागते. मालकाचे म्हणणे ऐकावे लागते. हे सारे होईपर्यंत माल सरकारकडे ठेव म्हणून असतो.

आता आंध्र प्रदेशातली हकीकत ऐका. साल १९७५, महिना ऑगस्ट. तिथल्या एका परवानाधारक व्यापाऱ्याच्या दुकानावर दक्षता विभागाचे पोलीस आले. खताचा नि धान्याचा मोठा साठा जप्त झाला. खत शेतीखात्याच्या अधिकाऱ्याच्या ताब्यात दिले गेले. ते गरजू शेतकऱ्यांना वाटावे, असा हुकूम होता. हुकूम चांगलाच होता. दिवस पावसाळ्याचे, पिकाला खत हवे. पण त्या अधिकाऱ्याने खत वाटले नाही, विकले नाही. व्यापाऱ्याने अर्ज केले, "खत खराब होत आहे, काहीतरी करा." अर्जावर काही हालले नाही.

पुढल्या वर्षी निकाल व्यापाऱ्याच्या बाजूने लागला. खत घेऊन जा, असा निरोप यायला १९७७ चा मार्च उजाडला. व्यापारी माल घ्यायला गेला. पाहतो तो खत खराब झालेले, आणि भरतीलाही कमी! त्याने नुकसानभरपाई मागितली. सरकार नाही म्हणाले. मग त्याने एक लाख रुपयांहून अधिक रकमेचा दावा लावला.

खालच्या कोर्टात तो जिंकला. हायकोर्टात हरला. तिथे सरकारच्या कामी एक जुना निकाल आला. त्याची कथाही ऐकण्याजोगी आहे. १९४७ साली मेरठच्या पोलिसांनी एका सराफाचे सोने ताब्यात घेतले होते. ते सांभाळणारा हवालदारच सोने घेऊन पाकिस्तानात पळाला. सराफ सुप्रीम कोर्टापर्यंत गेला. १९६४ साली कोर्ट म्हणाले, पोलिसांचे हे काम राजसत्तेचे आहे, त्याबद्दल सरकारकडून भरपाई मिळणार नाही. सराफाला हे कसे पटले असेल!

खताचा व्यापारी थांबला नाही. १९९४ साली सुप्रीम कोर्टाने त्याच्या बाजूने निकाल दिला. कोर्टाचे म्हणणे असे: माल परत करायचा, हे कायद्यातच लिहिले आहे. तो नीट राखणे हे अधिकाऱ्याचे काम. त्याच्या हयगयीने माल नासला तर भरपाई सरकारने द्यावी. राजसत्तेचे नाव पुढे करून हात झटकता येणार नाहीत.

व्यापाऱ्याला न्याय मिळाला, पण एकोणीस वर्षांनी. आणि ज्या शेतकऱ्यांसाठी ते खत वाटायचे ठरले होते, त्यांचे काय? पिके वाढीला लागली होती आणि खत गोदामात पडून होते. त्यांचे नुकसान कोणी मोजले नाही. ते कोर्टात गेलेच नव्हते.

हा कायदा दुकानदारापुरताच नाही. बेकायदा माल ज्या गाडीतून नेला ती गाडी, आणि गाडीला जुंपलेले बैलसुद्धा सरकारजमा होऊ शकतात. तुमची गाडी कोणी भाड्याने नेली आणि आत काय आहे हे तुम्हाला ठाऊकच नव्हते, तर ते दाखवून द्यावे लागते. गाडीवानालाही ठाऊक नव्हते आणि योग्य ती काळजी घेतली होती, हेही दाखवावे लागते. तसे दाखवले तर गाडीबैल सुटतात. शेतकऱ्याने स्वतः पिकवलेल्या धान्याला मात्र कायद्यात मोठा आधार आहे. ते या कलमाखाली सरकारजमा करता येत नाही. दुसरी कारवाई होऊ शकते, ती गोष्ट वेगळी.

जप्तीच्या वेळी पंचनामा होतो. पंच म्हणून गावातलेच दोघे बोलावतात. पूर्वी अंगठा उठवला की काम संपे. आता तुम्हाला वाचता येते. पोती किती लिहिली आहेत ते वाचा. गोदामातली पोती स्वतः मोजा. पोती कोरडी आहेत की भिजलेली, तेही लिहायला सांगा. खटला पुढे गेला तर माल घेताना कसा होता, हे त्याच कागदावरून कळते. मगच सही करा.

माल तुमचाच असेल तर यादीची नक्कल मागून घ्या. सरकारजमा करण्याचा हुकूम झाला तर त्यावर एक महिन्याच्या आत अपील करता येते. अपिलात हुकूम रद्द झाला तर माल परत मिळतो. माल विकला गेला असेल तर त्याची किंमत व्याजासकट द्यावी लागते. हे व्याज जप्तीच्या दिवसापासून धरतात. अपिलाचा महिना मात्र हुकूम कळल्यापासून मोजतात. म्हणून हुकूम हाती पडला की ती तारीख त्याच कागदाच्या कोपऱ्यात लिहून ठेवा.