काळ मागे फिरवणारी पोथी असते का?

या आठवड्याचा स्वाध्याय ठरलेल्या क्रमातला नाही. हजीऱ्याच्या आपल्या कुटुंब-गटात एका ताईंनी मंगळवारी रात्री एक जाहिरात पाठवली आणि खाली विचारलं, "असा ग्रंथ खरंच असतो का?" एक गुप्त पोथी, एकवीस दिवस वाचली की गेलेली वेळ परत येते, दक्षिणा पाच हजार एकशे. गटात दोघांनी हसरे चेहरे टाकले. ते आम्हाला रुचलं नाही. ताईंचे वडील गेल्या महिन्यात गेले. यजमान पाळीवर, मुलांची परीक्षा, म्हणून ताई एक दिवस उशिरा निघाल्या, आणि गाडी नंदुरबारला असतानाच फोन आला. त्यांना तो एक दिवस परत हवाय.

तर आधी सरळ उत्तर: अशी पोथी नाही. ताई, पैसे पाठवू नका, आणि ज्यांना ही जाहिरात आली असेल त्यांनी ती पुढे ढकलू नका.

पण काळाची चमत्कारिक गोष्ट सांगणारे ग्रंथ आपल्याकडे आहेत, आणि ते गुप्त नाहीत. सद्गुरूंनी आपल्याला वाचायला लावलेला योगवासिष्ठ हा त्यातला मोठा. सहा प्रकरणांचा. दारा शुकोहने १६५६ साली त्याचं फारसीत भाषांतर करवून घेतलं होतं, इतकी त्याची ख्याती. त्यातल्या उत्पत्ति प्रकरणात लवण राजाची कथा येते.

दरबार भरलेला. एक जादूगार येतो, मोरपिसांचा कुंचा फिरवतो. तेवढ्यात राजासमोर एक घोडा आणला जातो. राजा त्याच्याकडे बघत बसतो तो बघतच राहतो, हालचाल नाही. मुहूर्त म्हणजे ४८ मिनिटं. असे दोनेक मुहूर्त जातात. मग राजा भानावर येतो, थरथर कापतो आणि सांगू लागतो. घोड्याने मला रानात नेऊन टाकलं. भुकेने जीव जायची वेळ आली. गावकुसाबाहेरची एक मुलगी बापासाठी जेवण घेऊन चालली होती. लग्न करशील तर घास देईन, म्हणाली. केलं लग्न. तिथंच ६० वर्षं काढली, लेकरं झाली, म्हातारा झालो. मग दुष्काळ पडला. धाकटा पोरगा भुकेने मांस मागू लागला, दुसरं काही नव्हतं, म्हणून स्वतःचंच मांस त्याला मिळावं यासाठी मी चिता रचली आणि उडी घेणार, तोच इथं जागा झालो.

इथवर बरेच जण स्वप्न म्हणून सोडून देतात. पुढचं वाचा. राजा दुसऱ्या दिवशी फौज घेऊन विंध्याकडे निघतो, आणि तिथं तेच रान, तेच दुष्काळाने होरपळलेलं गाव, आणि जावयासाठी, लेकीनातवंडांसाठी रडणारी तीच म्हातारी सासू त्याला भेटते!

आता नीट पाहा. जादूगाराने काळ ताणला. तासा-दीड तासात ६० वर्षं बसवली. पण मागे नाही फिरवला. सासूसमोर उभ्या राहिलेल्या राजालाही ती लेकरं परत मिळाली नाहीत. त्याने तिचं ऐकून घेतलं आणि तिच्या पोटापाण्याची सोय केली. आमच्या मते कथेतली सगळ्यात मोलाची जागा ती, मोरपिसांची नाही.

भागवताच्या नवव्या स्कंधातही तेच. कुशस्थलीचा, म्हणजे द्वारकेच्या जागचा राजा ककुद्मी मुलीसाठी वर विचारायला रेवतीला घेऊन ब्रह्मलोकी गेला. गाणं चालू होतं म्हणून क्षणभर थांबला. ब्रह्मदेव हसले: तेवढ्यात खाली २७ चतुर्युगं उलटली होती. एक चतुर्युग ४३,२०,००० वर्षांचं, म्हणजे हिशोब ११ कोटी ६६ लाखांच्या वर जातो. मनात धरलेली स्थळं गेली, त्यांचे नातूपणतूही गेले. स्वतः ब्रह्मदेव समोर होते, तरी त्यांनी काळ उलटा केला नाही. आज जो आहे त्या बलरामाला मुलगी दे, एवढं सांगितलं.

(हजीऱ्याहून घोघ्याला २०२० पासून बोट जाते. रस्त्याने ३७० किलोमीटर, समुद्रातून ९०; दहा-बारा तासांचे चारेक तास झाले. माणसाच्या हातात काळाचं एवढंच काम आहे, आणि तेही काही कमी नाही. खानदेशाकडे मात्र बोट जात नाही, हे ताईंनीच लिहिलं.)

ताईंनी पैसे पाठवलेले नाहीत. त्यांच्या परवानगीने लिहितो: बुधवारी त्यांनी आईला फोन केला आणि त्या एका दिवसाचं सगळं विचारून घेतलं, सकाळपासूनचं. वडिलांनी दुपारी कळण्याची भाकरी मागितली, अर्धी खाल्ली. सुरतची गाडी किती वाजता येते, असं दोनदा विचारलं. ताई आणि आई तासभर बोलत होत्या, त्यातला बराच वेळ रडण्यात गेला.

रविवारी रात्री साडेआठला लवणाख्यान घरी मोठ्याने वाचावं, मुलांना सोबत बसवून. रात्रपाळीवाल्यांसाठी वाचनाचा आवाज गटात टाकू. ज्या दोघांनी हसरे चेहरे पाठवले होते, त्यांच्याकडेच यावेळचं वाचन दिलंय.