एडिटिंगकडे निघालेल्या भाच्यास

चि. बाळास,


आक्काचा फोन आला होता. बी.कॉम. अर्धवट टाकून एडिटिंग शिकायला मुंबईला येतोस म्हणे. जरूर ये, पण पदवी घेऊन ये. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटला एडिटिंगसाठी अर्ज करायचा तर पदवी लागते. ते दार आपल्या हाताने लावून घेऊ नकोस. सॉफ्टवेअर काही महिन्यांत हातात बसतं. त्यासाठी एवढी घाई नको.

कथापटाची पटकथा आधी लिहिलेली असते, माहितीपटाची बहुधा एडिटिंगच्या टेबलावरच सापडते. आनंद पटवर्धन यांचा 'जय भीम कॉम्रेड' बघ. 1997 च्या जुलैत घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांचा गोळीबार झाला, त्यानंतर शाहीर विलास घोगरे यांनी जीव दिला. तिथून सुरू झालेलं काम 14 वर्षं चाललं, आणि एडिटिंगही पटवर्धनांनीच केलं. एवढ्या वर्षांच्या चित्रणातून सुमारे तीन तास उरले. काय काय बाजूला ठेवावं लागलं असेल? आणि तरीही शाहिरांची गाणी किती वेळ चालू दिली आहेत, तेही नीट बघ.

म्हणून सगळे रशेस, म्हणजे न कापलेलं चित्रण, स्वतः पाहायचे, वही जवळ घेऊन. वृत्तवाहिनीवर वेळ नसतो; कुणीतरी लिहून दिलेल्या टाइमकोडवर जायचं, बाइट उचलायचा, मोकळं व्हायचं. नोकरीत तसं करावं लागेल, पण त्याची सवय लावून घेऊ नकोस.

आपल्या राजेश्वर गावाने तुला एक भांडवल दिलंय. घरात मराठी, शाळेत कन्नड, हुमनाबादच्या बाजारात दखनी. मराठीत काय नि कन्नडात काय, नकार बहुधा वाक्याच्या शेवटी येतो. भाषा न कळणारा एडिटर तिथेच कात्री लावतो, आणि बिचारा शेतकरी पडद्यावर नेमकं उलटं बोलतो. तुझ्या हातून असं होता कामा नये. दोन वेगळ्या उत्तरांचे तुकडे जोडून मधे हातांचा कटअवे टाकला की प्रेक्षकाला सांधा दिसत नाही. पण ज्याचं बोलणं आपण जोडलं, तो आपल्या गावात बसून ते बघणार असतो. असा कट कर म्हणून कुणी दबाव आणला तर स्पष्ट नाही म्हण, काम गेलं तरी चालेल. या धंद्यात मला याहून महत्त्वाचं काही वाटत नाही.

व्यवहाराचं थोडक्यात: मानधन आणि किती वेळा बदल करून द्यायचे, हे आधी लिहून घे. चित्रणाच्या दोन प्रती दोन वेगळ्या डिस्कवर ठेव. रात्रपाळ्या असतील, पाठीला आणि डोळ्यांना जप.

यंदा तुरीची रास चालू असताना कुणा एकाशी तासभर बोल, मोबाइलवर चित्रण कर. त्याचं दहा मिनिटांचं करून आधी त्यालाच दाखव. तो 'हो, हेच म्हणालो होतो' म्हणाला, की मला पाठव.

तुझा,
मामा