दिवसाला पाच युनिट

‘बिजली बिलात सरकारची छूट मिळते म्हणतात, त्याचा अर्ज कुठं करायचा?’ बालाघाटात हा प्रश्न मला जितक्या वेळा विचारला जातो तितका दुसरा कुठलाच विचारला जात नाही. मी शाळेतून निवृत्त झाले आहे, हिंदीत अर्ज बरा लिहिते आणि घराला ओसरी आहे. एवढ्या भांडवलावर लोक येतात. कुणी वारासिवनीकडून, कुणी भरवेलीच्या खाणवस्तीतून. ‘बाई, फारम भरून द्या जी,’ म्हणून घडी घातलेलं एक बिल पुढे करतात. मी विचारते, याच्या आधीचं बिल कुठे आहे? ते चुलीत गेलेलं असतं, नाहीतर त्यात पोह्यांची पुडी बांधलेली असते. मग मी म्हणते, तुमचा अर्ज जळला.

कारण मध्य प्रदेशात घरगुती वीजबिलावर जी सगळ्यात मोठी सवलत आहे तिला अर्जच नाही. हे ऐकून माणसं माझ्याकडे संशयाने पाहतात. त्यांचाही दोष नाही. 2018च्या जुलैत संबल योजनेत नाव असलेल्या मजुरांना महिन्याला जास्तीत जास्त 200 रुपये बिल, अशी सरल बिजली योजना आली होती. तिच्यासाठी नोंदणी लागायची, कार्ड लागायचं, रांगा लागायच्या. ती रांग लोकांच्या डोक्यात अजून उभी आहे. 2019मध्ये इंदिरा गृह ज्योति आली आणि गणितच बदललं. वापर महिन्याला 150 युनिटांच्या आत असेल तर पहिल्या 100 युनिटांचे 100 रुपये, वरच्या 50 युनिटांचे नेहमीच्या दराने. जात नाही, उत्पन्नाचा दाखला नाही. पुढे सरकार पालटलं, नावातली इंदिरा जाऊन अटल आले, हिशेब तोच राहिला. दारिद्र्यरेषेखालच्या अनुसूचित जाती-जमातींच्या घरांसाठी 30 युनिटांपर्यंत महिन्याला 25 रुपये अशी आणखी एक पायरी आहे, तिला मात्र कागद लागतात. बाकी सगळं बिल छापणारं यंत्रच ठरवतं. म्हणून ‘पाचशे द्या, छूट लावून देतो’ म्हणणारा कुणी भेटला, तर त्याला चहासुद्धा पाजू नका.

यंत्र ठरवतं, इथेच खरी मेख आहे. 150 युनिटांवर सवलत मिळते आणि 151 झाली की ती थोडी कमी होत नाही, पूर्ण जाते. पहिल्या शंभरावरची सूट गेली, वर दराचा पुढचा टप्पा लागला, म्हणजे एका जास्तीच्या युनिटपायी पाचशेच्या वर रुपये अंगावर येतात. धान कापायला जाणाऱ्या बाईची ती दोनेक दिवसांची मजुरी झाली. योजना आखणाऱ्याने ही पायरी उतरती का केली नाही, हे मला कळलेलं नाही.

आता जो मुद्दा मला स्वतःच्या बिलातून शिकावा लागला, तो नीट सांगते.

उन्हाळ्यात आम्ही लग्नासाठी गोंदियाला माझ्या दादाकडे गेलो होतो. घर बंद. आमचा मीटर जुन्या पद्धतीने आतल्या भिंतीवर. रीडिंग घेणारा मुलगा कुलूप पाहून परत गेला, त्याचं तरी काय चुकलं? त्या महिन्याचं बिल अंदाजाने आलं, प्रत्यक्ष वापरापेक्षा बरंच कमी. घरात आनंद. पुढच्या महिन्यात खरं रीडिंग झालं, मागची राहिलेली युनिटं त्याच बिलात येऊन बसली, आकडा दीडशेच्या पार गेला आणि सरकारी सबसिडीच्या ओळीत शून्य आलं. आमच्या घरात दोन म्हाताऱ्या माणसांचा वापर. कधी दीडशेजवळ फिरकलो नव्हतो.

बहुतेक जण इथे दोनपैकी एक गोष्ट करतात. मुकाट्याने भरतात, नाहीतर काउंटरवर जाऊन भांडतात की मीटर पळतोय. दोन्हींचा उपयोग नसतो. मीटर पळत नव्हता आणि यंत्रानेही त्याला दिलेल्या आकड्यांचाच हिशेब केला होता. विचारायचा प्रश्न वेगळाच होता: हे युनिट किती दिवसांचे?

योजना बोलताना ‘महिन्याला 150’ म्हणतात, पण तिचा हिशेब दिवसाला पाच युनिट असा आहे. रीडिंग काही दर तिसाव्या दिवशी होत नाही. कधी 26 दिवसांनी होतं, कधी 35. पस्तीस दिवसांनी झालं तर 175 युनिटांपर्यंत तुम्ही सवलतीच्या आतच असता. आणि 26 दिवसांनी झालं तर 130 वर रेघ संपते, तेव्हा 140 युनिट पाहून ‘आपण तर दीडशेच्या आत’ असं म्हणत बसू नका. समजा, दोन खऱ्या रीडिंगांमध्ये 62 दिवस गेले आणि 280 युनिट जळले. दिवसाला साडेचारच पडले. पण त्यातले 90 पहिल्या महिन्याला अंदाजाने लावले आणि उरलेले 190 दुसऱ्या महिन्यावर टाकले, तर दुसऱ्या बिलावर तुम्ही श्रीमंत ठरता.

मी अर्जात एवढंच लिहिलं. मागच्या खऱ्या रीडिंगची तारीख आणि आकडा, आताची तारीख आणि आकडा, मधले दिवस, दिवसाची सरासरी. मधलं बिल अंदाजाचं होतं म्हणून दोन्ही बिलं एकत्र धरून फेरहिशेब करावा. सोबत दोन्ही बिलांच्या प्रती आणि निघण्याच्या दिवशी भाच्याने मोबाईलवर काढलेला मीटरचा फोटो. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घेतली. फरक पुढच्या बिलात वळता झाला. शेजारच्या काकूंचं प्रकरण अगदी असंच होतं, पण आधीचं बिल नाही, फोटो नाही. त्यांना ‘बघू’ असं सांगण्यात आलं, आणि अजून तेच सांगण्यात येतं.

तेव्हापासून आमच्या गल्लीत दर महिन्याच्या एक तारखेला मीटरचे फोटो निघतात. पोरांना त्याची गंमत वाटते. मीटर आत असेल तर तो दर्शनी भिंतीवर घेण्यासाठी अर्ज द्या, थोडा खर्च येतो, पण कुलपाचं निमित्त संपतं.

बिल हातात आलं की रुपयांकडे शेवटी बघा. आधी दोन तारखा, दोन वाचनं. मग ‘आंकलित खपत’, म्हणजे अंदाजाने धरलेला वापर, अशी ओळ आहे का, तिथे आकडा आहे का. मग शासनाच्या सबसिडीची ओळ. गोंदियाच्या दादाच्या बिलात स्थिर आकार, वहन आकार, इंधन समायोजन आकार अशी वेगळीच वरात असते, शंभराला शंभर ही ओळ तिथे नाही. त्यामुळे सीमेपलीकडच्या पाहुण्यांचा सल्ला या बाबतीत ऐकू नये. ते प्रेमाने सांगतात, पण त्यांच्या राज्याचं सांगतात.

पाच युनिटांत काय बसतं? जुना पंखा 75 वॅटचा असतो. तेरा-चौदा तास फिरला की एक युनिट. तीन पंखे म्हणजे तीन युनिट तिथेच. नवे बीएलडीसी पंखे 30 वॅटांच्या आसपास चालतात, रेघेवर उभ्या असलेल्या घराला एवढा बदलही पुरतो. दोन किलोवॅटचा गीझर अर्ध्या तासात एक युनिट खातो. विहिरीवरची एक हॉर्सपॉवरची मोटर तासाला पाऊण. ती सुरू करून गप्पा मारत बसणारी माणसं मी रोज पाहते. बालाघाटच्या मे महिन्यात कूलर बंद ठेवा, असा सल्ला मी कुणाला देणार नाही. गीझर मात्र मे महिन्यात कशाला लागतो, हे विचारते.

दुसरी अडचण नावाची. आमच्याकडे निम्म्या घरांची जोडणी स्वर्गवासी सासऱ्यांच्या नावावर आहे. बिलावरच्या सवलतीला त्याने बिघडत नाही, ती जोडणीला मिळते, माणसाला नाही. पण जिथे नावानिशी अर्ज करायचा असतो तिथे सगळं अडतं. समग्र आयडीत एक नाव, आधारवर दुसरं, बिलावर आजोबा. मृत्यूचा दाखला आणि वारसांची संमती घेऊन नामांतरण आताच करून ठेवा, योजना जाहीर झाल्यावर नको. भाऊ वेगळे राहात असतील, चुली खरोखर वेगळ्या असतील, तर वेगळी जोडणी मागणं रास्त आहे. केवळ दीडशेचे दोन तुकडे पाडायला दुसरा मीटर लावलात तर तपासणीत तो उघडा पडतो.

2024च्या फेब्रुवारीत छतावरच्या सौर पॅनलांसाठी पीएम सूर्यघर योजना आली आणि गावोगावी एजंट फिरू लागले. एक किलोवॅटला 30,000, दोनला 60,000, तीन आणि त्यावर 78,000 रुपये अनुदान. आकडे खरे आहेत. अर्ज राष्ट्रीय पोर्टलवर करायचा, नोंदणीकृत विक्रेताच निवडायचा, आणि अनुदान पॅनल बसून नेट मीटर लागल्यावर तुमच्या खात्यात येतं, आधी नाही. पण माझ्याकडे येणाऱ्यांना मी आधी त्यांचंच बिल दाखवते. ज्याला शंभराच्या सवलतीमुळे महिन्याला शे-दोनशे किंवा चारशे भरावे लागतात, त्याने कर्ज काढून पॅनल बसवलं तर हप्ता बिलापेक्षा मोठा होतो. ज्याचा वापर अडीचशे-तीनशे युनिटांचा आहे आणि दर महिन्याला रेघेबाहेर आहे, त्याच्यासाठी ही योजना खरोखर चांगली. एजंट हा भेद करत नाही, त्याचं कमिशन दोन्हीकडे सारखंच.

विजेसोबत लोक गॅसचंही विचारतात, त्याबद्दल थोडकंच. उज्ज्वला आणि लाडली बहना या योजनांतल्या बायकांना मध्य प्रदेशात 450 रुपयांत सिलिंडर, असं 2023पासून सांगतात. पण सिलिंडर घेताना पूर्ण पैसे मोजावे लागतात, फरक नंतर खात्यात येतो. कोणत्या खात्यात? तुम्हाला वाटतं त्यात नव्हे, आधारशी सगळ्यात शेवटी जोडलेल्या खात्यात. 2017मध्ये देशभरातल्या लाखो ग्राहकांचं गॅस अनुदान त्यांच्या नकळत एअरटेल पेमेंट्स बँकेच्या खात्यांत गेलं होतं आणि आधार प्राधिकरणाला कारवाई करावी लागली होती. ‘पैसे येत नाहीत’ म्हणणाऱ्या बाईला मी आधी बँकेत पाठवते, गॅस एजन्सीत नंतर.

वीजबिलाची थकबाकी साचली असेल तर माफीच्या बातमीची वाट पाहू नका. 2025च्या नोव्हेंबरात समाधान योजना आली, तिच्या पहिल्या टप्प्यात तीन महिन्यांहून जुन्या थकबाकीवरचा अधिभार 60 ते 100 टक्के माफ होता, एकरकमी भरणाऱ्याला जास्त. मुद्दल माफ नव्हतं. लोक मात्र ‘बिल माफ झालं’ एवढंच ऐकून घरी बसले आणि मुदतीचा पहिला, जास्त सुटीचा टप्पा गेला.

आणि रात्री साडेनऊला बिजली कापणार, या नंबरवर फोन करा, असा संदेश आला तर फोन करू नका. 2003च्या वीज कायद्याच्या कलम 56 प्रमाणे जोडणी तोडण्याआधी पूर्ण 15 दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. संदेशातली लिंक दाबून पैसे गेलेच, तर लगेच सायबर हेल्पलाइनला 1930 वर कळवा. बिलाबद्दल खरी शंका असेल तर वीज कंपनीचा 1912.

त्याच कलमात आणखी एक सोय आहे, ती काउंटरवर कुणी आपणहून सांगत नाही. बिलाबद्दल वाद असेल तर मागितलेली रक्कम किंवा मागच्या सहा महिन्यांच्या सरासरीने होणारी रक्कम, यातली कमी असेल ती ‘विरोध नोंदवून’ भरता येते, आणि वाद मिटेपर्यंत वीज तोडता येत नाही. भरताना अर्जावर हे शब्द लिहा, कलमाचा आकडा लिहा, पोच घ्या. कार्यालयात दाद लागली नाही तर मंगळवारी कलेक्टर ऑफिसात जनसुनवाई असते, 181 हेल्पलाइन आहे, आणि त्याहून नेमका रस्ता म्हणजे कलम 42 खालचा वीज ग्राहक तक्रार निवारण फोरम. तिथे वकील लागत नाही. दोन बिलं, दोन फोटो आणि मधल्या दिवसांचा हिशेब घेऊन जा.