दगड कसा बोलतो?

मित्रांनो, गोष्टीत जादूचे दगड असतात. मंत्र म्हटला की दगडाचा दरवाजा उघडतो. टाळी वाजवली की दगडातली पुतळी डोळे उघडते. खरा दगड असे काही करत नाही. पण आवाजाला उत्तर देणारा कोरीव दगड खरोखर असतो बरं का! आपल्याच रायगड जिल्ह्यात आहे. गुरुजींना विचारून आणि पुस्तकात वाचून मी ही माहिती लिहिली आहे.

दगड दोन तऱ्हेने बोलतो. एक म्हणजे त्याला ठोकले की तो स्वतः वाजतो. दुसरे म्हणजे आपण बोललो की तो आपलाच आवाज परत देतो.

1) वाजणारा दगड

पाथरवट दगड निवडताना तो आधी हातोडीने ठोकून ऐकतो. खणखण वाजला तर दगड चांगला. बद्द आवाज आला तर आत चीर आहे असे समजायचे. तसला दगड जात्याला चालत नाही. आपली आई बाजारात मडके घेताना टिचकी मारून बघते ना, तसेच हे आहे.

असे का होते? ठोकल्यावर वस्तू थरथरते. ती थरथर हवेतून आपल्या कानात येते. तोच आवाज. चीर असली की थरथर तिथे अडते, मग आवाज बसका येतो.

जुन्या कारागिरांना हे चांगले माहीत होते. कर्नाटकात हंपी नावाचे गाव आहे. तिथे विठ्ठलाचे मोठे दगडी मंदिर आहे. आपल्या पंढरपूरच्या विठोबाचेच नाव! तिथे मोठ्या खांबाभोवती बारीक बारीक खांब कोरले आहेत. बारीक खांबावर बोटाने हळूच वाजवले की त्यातून सूर निघतो. पण येणारा जाणारा प्रत्येक माणूस वाजवू लागला तर दगड तरी किती टिकणार? म्हणून आता तिथे खांब वाजवायला बंदी आहे.

2) उत्तर देणारा दगड

आवाज हवेतून एका सेकंदात सुमारे 340 मीटर जातो. समोर दगडाची भिंत आली की तो चेंडूसारखा आपटून मागे येतो. भिंत 17 मीटरपेक्षा लांब असेल तर परत आलेला आवाज वेगळा ऐकू येतो. त्याला प्रतिध्वनी म्हणतात. भिंत जवळ असेल तर दोन्ही आवाज मिसळतात, मग आवाज घुमतो. काही लोक म्हणतात की डोंगरात भूत ओ देते. ते भूत नाही, आपलाच आवाज आहे. भिऊ नका.

कोलाडवरून इंदापूरला जायचे, तिथून तळ्याच्या रस्त्याने मांदाडकडे वळायचे. तिथे खाडीजवळ डोंगरात कुड्याची लेणी आहेत. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी बौद्ध भिक्षूंसाठी ती कातळात खोदली. एकूण 26 लेणी आहेत. आत हत्ती कोरले आहेत, स्त्रीपुरुषांच्या जोड्या कोरल्या आहेत. खोल्या दगडी आणि बंद, म्हणून आत हळू बोलले तरी आवाज घुमतो. जणू ती कोरलेली माणसेच आपल्याबरोबर बोलतात असे वाटते.

रायगड किल्ल्याची तर आणखी गंमत आहे. तिथे 6 जून 1674 रोजी शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक झाला. राजसभा 220 फूट लांब आहे. वर छप्पर नाही, तरी नगारखान्याजवळ हळू बोललेले सिंहासनाच्या जागी ऐकू येते. त्या वेळी लाउडस्पीकर नव्हता, वीज नव्हती. म्हणजे बांधणाऱ्यांना आवाजाची केवढी जाण होती बघा! विजापूरचा गोल घुमटही असाच आहे. त्याच्या वरच्या सज्जात भिंतीशी कुजबुजले की समोरच्या बाजूला ऐकू येते, कारण आवाज गोल भिंतीला धरून फिरत जातो.

3) नावाची गोष्ट

कुड्याच्या भिंतींवर ब्राह्मी लिपीत लेख आहेत. त्यांत लेणी दान देणाऱ्यांची नावे आहेत. दान देणारे सगळे राजे नव्हते. त्यांत एक माळी आहे, वैद्य आहे, लोखंडाचा व्यापारीही आहे. आपल्या गावातल्यासारखीच ही माणसे. त्यांनी पदरचे पैसे दिले म्हणून त्यांची नावे तिथे कोरली.

आता काही लोक लेण्यांत आणि किल्ल्यांवर जातात आणि खिळ्याने किंवा खडूने आपले नाव लिहितात. त्यांनी तिथे काय दिले? काहीच नाही. उलट कोरलेल्या हत्तीची सोंड खरवडली तर ती पुन्हा उगवत नाही. दगडाला चीर पडली की त्याचा आवाज कायमचा बसतो, पाथरवटाला विचारा. जुन्या स्मारकांची नासधूस करणे हा 1958 च्या कायद्याप्रमाणे गुन्हा आहे.

म्हणून आईबाबांनो, सुट्टीत आम्हाला रायगडला न्या, कुड्याला न्या. आम्ही तिथे दगडाला हात न लावता बोलू आणि कान देऊन ऐकू.

करून पहा : धड मडके आणि तडा गेलेले मडके घ्या. दोघांना टिचकी मारा. आवाजात काय फरक पडतो ते वहीत लिहा.

सांगा पाहू : आपण हाक मारली आणि एक सेकंदाने प्रतिध्वनी आला, तर समोरची भिंत किती लांब? (लक्षात ठेवा, आवाज जातो आणि परतही येतो.)

उत्तर : सुमारे 170 मीटर.

— इयत्ता चौथी, कोलाड