नावाचा शोध

मुलांनो, तुमच्या नावाचा अर्थ कोणी विचारला, तर तुम्ही तो चटकन सांगाल. परंतु तो खरा कशावरून, असे विचारले तर?

देवळाली प्रवरा येथे एका शेतकऱ्याच्या घरी बारसे होते. बाळाच्या आत्याने नावांची एक पुस्तिका आणली होती. तीत 'रेयांशी' या नावापुढे 'सूर्यकिरण, संस्कृत' असे छापले होते. बाळाची थोरली बहीण सातवीत शिकत होती. ती पुस्तिका घेऊन गुरुजींकडे गेली. गुरुजींनी वामन शिवराम आपटे यांचा 1890 सालचा संस्कृत कोश उघडला. 'अंश' म्हणजे भाग, हे मिळाले. पण किरण या अर्थाचा 'रेय' काही मिळेना.

"इंग्रजीत किरणाला 'रे' म्हणतात. त्यावरून कोणी हे नाव घडविले असावे," गुरुजी म्हणाले. "नवे नाव घडविण्यात दोष नाही. मात्र त्याला संस्कृत म्हणू नये."

आत्या हिरमुसली. तेव्हा आजोबांनी 'अहिल्या' हे नाव सुचविले. 2024 साली जिल्ह्यालाही तेच नाव मिळाले होते. बहीण पुन्हा कोशाकडे वळली. मूळ शब्द 'अहल्या'. 'हल' म्हणजे नांगर. म्हणून 'अहल्या' म्हणजे न नांगरलेली भूमी!

"म्हणजे पडीक रान?" आजोबा दचकले. शेतकऱ्याच्या घरी हा अर्थ कसा रुचावा?

गुरुजी हसले. "रामायणाच्या उत्तरकांडात दुसरा अर्थ दिला आहे. तेथे 'हल' म्हणजे कुरूपता. जिच्यात ती मुळीच नाही, ती अहल्या. पण आजोबा, तुम्हांला हे नाव कोणावरून सुचले?"

"चोंडीच्या अहिल्याबाईंवरून. दुसरे कोण!"

अहिल्याबाई होळकर यांचा जन्म 1725 साली याच जिल्ह्यातील चोंडी गावी झाला. त्यांनी काशीविश्वनाथाचे मंदिर पुन्हा उभारले. त्यांचे स्मरण म्हणून जेव्हा हे नाव ठेवतात, तेव्हा नांगर कोणाच्या मनात असतो?

कोश शब्दाचा अर्थ सांगतो. नाव का ठेवले, हे तो सांगत नाही. शहाजीराजांचेच नाव पाहा. फारसीत 'शाह' म्हणजे राजा. परंतु परंपरागत हकीकत अशी की, मालोजीराजांनी नगरच्या शाह शरीफ या पिराला नवस केला आणि म्हणून आपल्या मुलांची नावे शहाजी व शरीफजी अशी ठेवली. संस्कृत कोशात ही नावे शोधणाऱ्याच्या हाती काय लागणार?

हे ऐकत बसलेली आजी म्हणाली, "माझ्या भावाला सारे दगडू म्हणत. त्याच्या आधीची दोन मुले गेली होती. याला तरी दृष्ट लागू नये, म्हणून आईने असले नाव ठेवले. आईला काय तो दगड वाटत होता?"

सगळी नावे मात्र अशा मायेने ठेवलेली नसतात. मुलगी नको होती, म्हणून काही घरांत 'नकुशा' हे नाव ठेवीत. त्याचा अर्थ पाहण्यास कोश लागत नाही. हाक मारताच तो त्या मुलीला कळतो. 2011 साली सातारा जिल्ह्यात अशा 280 हून अधिक मुलींना समारंभपूर्वक नवी नावे देण्यात आली.

बाराव्या दिवशी आत्याने बाळाच्या कानात 'कुर्र' केले आणि 'अहिल्या' हे नाव सांगितले. बहिणीने पुस्तिकेच्या कोऱ्या पानावर ते नाव लिहिले. पुढे दोन्ही अर्थ लिहिले, अगदी नांगराचासुद्धा. आणि त्याखाली, 'आजोबांनी सुचविले, चोंडीच्या अहिल्याबाईंवरून.'