ताऱ्याभोवतीची तबकडी : ग्रहनिर्मितीचा विषय आणि वैज्ञानिक मराठी गद्य

४.१ प्रास्ताविक

मागील घटकात आपण ललित गद्य आणि वैचारिक गद्य यांतील भेद पाहिला. प्रस्तुत घटकात वैज्ञानिक गद्याचा विचार एका विशिष्ट विषयाच्या आधारे करावयाचा आहे. नवजात ताऱ्यांभोवती फिरणाऱ्या वायूच्या व धुळीच्या तबकड्या आणि त्यांतून होणारी ग्रहांची निर्मिती, हा तो विषय.

मराठीच्या पदवी अभ्यासक्रमात हा विषय कशासाठी, असा प्रश्न तुमच्या मनात येणे स्वाभाविक आहे. २०२१ साली नाशिक येथे भरलेल्या ९४व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदी डॉ. जयंत नारळीकर यांची निवड झाली होती. खगोलशास्त्रज्ञाला मिळालेला हा मान म्हणजे विज्ञानलेखन हे मराठी साहित्याचे अंग आहे, याची मिळालेली मान्यताच होय. परंतु आपले कारण याहून नेमके आहे. एखादा ग्रह आरंभापासून अखेरपर्यंत घडताना कोणीही पाहिलेला नाही आणि पाहू शकणार नाही. त्या घडणीला लाखो वर्षे लागतात. म्हणून या विषयावरील प्रत्येक विधानात ‘हे आपल्याला कसे कळले’ याचा उलगडा असावा लागतो. मराठी वाक्यात तो भार बहुधा शेवटी येणाऱ्या क्रियापदावर पडतो. ‘दिसते’, ‘असावे’, ‘अनुमान निघते’, ‘सिद्ध झाले आहे’ ही क्रियापदे एकमेकांच्या जागी वापरता येत नाहीत. या घटकाचे वाचन करताना विषय समजून घ्याच. पण क्रियापदांवरही लक्ष ठेवा.

४.२ तबकडी का तयार होते?

ताऱ्यांच्या दरम्यानचे अवकाश सर्वस्वी रिकामे नसते. तेथे अतिशय विरळ व थंड वायूचे प्रचंड मेघ असतात आणि त्या वायूत वस्तुमानाच्या साधारण एक टक्का धूळ मिसळलेली असते. मेघाचा एखादा भाग स्वतःच्या गुरुत्वाकर्षणाने आत कोसळू लागला की त्याच्या मध्यभागी तारा जन्म घेतो. मात्र मूळ मेघाला थोडीशी तरी फिरकी असतेच. मेघ आकसतो तशी ही फिरकी वाढत जाते.

नागपंचमीला फुगडी खेळणाऱ्या मुली हात ताणून फिरत असताना एकमेकींच्या जवळ आल्या की त्यांचा वेग वाढतो, हे तुम्ही पाहिले असेल. यामागील नियमाला कोनीय संवेगाच्या अक्षय्यतेचा नियम म्हणतात. फिरणारे द्रव्य अक्षाच्या जवळ आले की त्याला अधिक वेगाने फिरावे लागते. एका मर्यादेनंतर हा वेगच द्रव्याला आणखी आत पडू देत नाही. परंतु ही अडवणूक फक्त आडव्या दिशेने असते. वरून आणि खालून येणाऱ्या वायूला फिरकी रोखू शकत नाही. हे दोन्हीकडचे वायू मध्यपातळीवर एकमेकांवर आदळतात, त्यांची उभी गती एकमेकींत विरून जाते आणि मेघ चपटा होतो. अशा रीतीने नवजात ताऱ्याभोवती तबकडी तयार होते.

फुगडीचे हे रूपक कोठवर चालते, हेही पाहिले पाहिजे. फुगडीत दोघींचे हात गुंतलेले असतात. तबकडीत गुरुत्वाकर्षणाखेरीज कोणी कोणाला धरलेले नसते. शिवाय तबकडीतील बहुतेक द्रव्य हळूहळू आत सरकून ताऱ्यात पडते, तर कोनीय संवेग बाहेरच्या बाजूला वाहून नेला जातो. आपल्या सूर्यमालेत याचा पुरावा आजही आहे. सूर्यमालेचे ९९.८ टक्के वस्तुमान सूर्यात आहे. परंतु तिच्या कोनीय संवेगाचा बहुतांश भाग ग्रहांकडे, त्यातही गुरूकडे आहे. रूपक वापरावे, पण ते जेथे संपते तेथे लेखकाने वाचकाला तसे सांगावे, असे आमचे मत आहे. लोकप्रिय लेखनात या तबकडीला ‘ग्रहांचा पाळणा’ म्हणण्याची पद्धत आहे. शब्द गोड आहे खरा. परंतु पाळण्यातले मूल पाळणा खात नाही. ग्रह मात्र तबकडीवरच पोसला जातो आणि जे उरते ते ताऱ्यात पडते किंवा ताऱ्याच्या प्रकाशाने उडून जाते. काही लाख ते सुमारे एक कोटी वर्षांत तबकडीतील वायू संपतो. गुरूसारखा वायुमय ग्रह घडायचा असेल तर तो या मुदतीतच घडावा लागतो.

फिरणाऱ्या मेघातून सूर्यमाला घडली ही कल्पना नवी नाही. जर्मन तत्त्वज्ञ कांट यांनी १७५५ मध्ये आणि फ्रेंच गणिती लाप्लास यांनी १७९६ मध्ये ती मांडली. त्यांच्या काळी एकही तबकडी कोणाच्या दृष्टीस पडलेली नव्हती.

४.३ धुळीपासून ग्रहापर्यंत

तबकडीतील धुळीचे कण आरंभी धुराच्या कणांएवढे बारीक असतात. केरसुणी न पोहोचलेल्या कोपऱ्यात धुळीचे हलके पुंजके जमतात, तसे हे कण मंद गतीने एकमेकांवर आदळून चिकटतात. ताऱ्यापासून दूर, जेथे पाणी गोठून कणांवर बर्फ जमतो, तेथे घन द्रव्य अधिक उपलब्ध असते. मोठे ग्रह बाहेरच्या भागात घडण्याचे हे एक कारण मानले जाते. कणांचे खडे होतात. येथपर्यंतची वाट बरीचशी समजली आहे. खरी अडचण यापुढे आहे.

तबकडीतील वायूला स्वतःचा दाब असतो. त्या दाबाचा थोडासा आधार मिळाल्याने वायू ताऱ्याभोवती किंचित कमी वेगाने फिरतो. दगडाला असा आधार नसल्याने त्याला पूर्ण वेगाने फिरावे लागते. परिणामी, दिंडोरीहून नाशिककडे सायकलने निघालेल्या माणसाला समोरून वारा लागावा, तसा दगडाला वायूचा विरोध सतत सोसावा लागतो. अगदी बारीक धूळ वायूबरोबरच वाहते आणि डोंगराएवढ्या गोळ्याला वाऱ्याची फिकीर नसते. मधल्या आकाराचे, सुमारे एक मीटरचे धोंडे मात्र यात सापडतात. त्यांची गती कमी होते आणि ते चक्राकार वाटेने ताऱ्याकडे घसरू लागतात. पृथ्वीएवढ्या अंतरावरचा असा धोंडा काही शतकांतच ताऱ्यापाशी पोहोचेल, असे गणित सांगते. गणित बरोबर असेल, तर ग्रह घडायलाच नकोत. पण ग्रह आहेत. आपण एका ग्रहावर बसूनच हा घटक वाचत आहोत.

या कोड्यावर सुचवलेला एक उपाय असा. पावसाळ्यात ओहोळाच्या पाण्याबरोबर काटक्या व पाचोळा वाहत येतो आणि जेथे प्रवाह मंदावतो, तेथे तो अडकून त्याचा ढीग होतो. तबकडीतही काही वर्तुळाकार पट्ट्यांत वायूचा दाब आजूबाजूपेक्षा अधिक असेल, तर आत घसरणारे खडे तेथे थांबतील. खड्यांची पुरेशी दाटी झाली की ती स्वतःच्या गुरुत्वाकर्षणाने एकदम कोसळून काही किलोमीटर ते शेकडो किलोमीटर आकाराचे गोळे तयार होतील. त्यांना आपण येथे ‘ग्रहबीज’ म्हणू. ग्रहबीजे एकमेकांवर आदळत वाढतात आणि त्यांतून ग्रह घडतात. या परिच्छेदात ‘असेल’, ‘थांबतील’, ‘होतील’ अशी भविष्यकालीन रूपे आली आहेत, याची नोंद घ्या. अशा पट्ट्या खरोखर असतात का, हे ठरवायचे तर पाहावे लागते.

४.४ रोहिणीजवळचा तारा

ज्या नक्षत्रांच्या नावाने आपल्याकडे पेरणीचे दिवस मोजले जातात, त्याच नक्षत्रांच्या दिशेला या तबकड्या सापडल्या, हा योगायोग मराठी वाचकाला विशेष जवळचा वाटावा. मृगातील तीन ओळीत असलेल्या ताऱ्यांच्या, म्हणजे बाणाच्या, दक्षिणेस एक पुसट तेजोमेघ आहे. तो सुमारे १३०० प्रकाशवर्षे दूर आहे. १९९०च्या दशकात हबल दुर्बिणीने त्याची छायाचित्रे घेतली. त्यांत तेजोमेघाच्या उजळ पार्श्वभूमीवर तरुण ताऱ्यांभोवतीच्या तबकड्या काळ्या सावल्यांसारख्या उठून दिसल्या. येथे ‘दिसल्या’ हेच क्रियापद योग्य आहे. तबकड्या दिसल्या; त्यांच्या पोटात काय चालले आहे, ते दिसले नाही.

ते पाहण्यासाठी दृश्य प्रकाश निरुपयोगी ठरतो, कारण धूळ तो अडवते. सुमारे एक मिलिमीटर लांबीच्या रेडिओ लहरी मात्र धुळीतून बाहेर येतात, किंबहुना थंड धूळच त्या लहरी सोडते. चिलीच्या आटाकामा वाळवंटात ५००० मीटर उंचीवर ‘आल्मा’ ही ६६ अँटेनांची दुर्बीण त्यासाठी उभारली आहे. अनेक अँटेना दूर दूर ठेवून त्यांचे संकेत एकत्र केले की त्या सर्व मिळून एका विशाल दुर्बिणीसारख्या सूक्ष्म तपशील टिपतात. हे तत्त्व समजून घ्यायला चिलीला जाण्याची गरज नाही. नाशिक-पुणे रस्त्यावरील नारायणगावजवळ खोडद येथे ४५ मीटर व्यासाच्या ३० अँटेनांची महाकाय मीटर-तरंग रेडिओ दुर्बीण आहे. तिचे अँटेना सुमारे २५ किलोमीटरच्या पसाऱ्यात विखुरलेले आहेत. तत्त्व तेच. फक्त खोडदची दुर्बीण कित्येक पट लांब लहरी टिपते, म्हणून तबकडीतील धुळीच्या अशा अभ्यासासाठी आल्माच हवी.

२०१४च्या नोव्हेंबरमध्ये आल्माने घेतलेले एचएल टाउरी या ताऱ्याचे चित्र प्रसिद्ध झाले. हा तारा आकाशात रोहिणीच्या ताऱ्यापासून जेमतेम दोन अंशांवर, म्हणजे पूर्णचंद्राच्या चार व्यासांएवढ्या अंतरावर आहे. अर्थात हे शेजारपण केवळ दिशेचे. रोहिणी ६५ प्रकाशवर्षांवर, तर एचएल टाउरी सुमारे ४५० प्रकाशवर्षांवर. त्याचे वय १० लाख वर्षांच्या आसपास मानले जाते. ४५० कोटी वर्षांहून अधिक वयाच्या सूर्यापुढे ते तान्हे बाळच म्हणावे. चित्रात ग्रामोफोनच्या तबकडीवरील खाचांप्रमाणे एकाआड एक उजळ आणि काळी कडी स्पष्ट उमटली होती. तबकडीचा विस्तार सूर्यापासून नेपच्यूनच्या अंतराच्या तिपटीहून अधिक आहे.

येथे लेखणी घसरण्याचा संभव फार. ‘एचएल टाउरीभोवती ग्रह घडताना दिसले’ असे वाक्य सहज लिहिले जाते आणि ते चुकीचे आहे. त्या चित्रात एकही ग्रह नाही. दिसली ती कडी. वाढता ग्रह आपल्या वाटेतील द्रव्य बाजूला सारून काळी खाच पाडू शकतो, म्हणून खाचांत ग्रह असावेत, असे अनुमान निघते. पण कडी निर्माण होण्याची इतर कारणेही मांडली गेली आहेत. शिवाय मागील विभागातील उपायानुसार ग्रहबीजे घडण्यासाठी आधी कडे हवे, आणि येथे तर कडे घडण्यासाठी आधी ग्रह हवा. बी आधी की झाड आधी, हा वाद येथे खरोखरचा संशोधनाचा प्रश्न होऊन बसला आहे आणि तो अद्याप पूर्णपणे सुटलेला नाही.

‘ग्रह दिसला’ असे म्हणण्याचा अधिकार २०१८ मध्ये मिळाला, तोही दुसऱ्या ताऱ्याच्या बाबतीत. नरतुरंग तारकासमूहात सुमारे ३७० प्रकाशवर्षांवर असलेल्या पीडीएस ७० या ताऱ्याच्या तबकडीतील रुंद रिकाम्या जागेत चिलीतीलच एका मोठ्या दुर्बिणीने वाढत्या ग्रहाचे थेट चित्र घेतले. पुढच्याच वर्षी त्याचा भाऊही सापडला. म्हणजे निदान एका ठिकाणी खाच आणि ग्रह यांची सांगड प्रत्यक्ष दिसली आहे. एका उदाहरणावरून सर्व खाचांचा निवाडा करता येत नाही, एवढे भान ठेवावे.

४.५ काटोलचा दगड

आतापर्यंत आपण परक्या ताऱ्यांच्या तबकड्या दुरून पाहिल्या. सूर्याभोवतीची तबकडी केव्हाच नाहीशी झाली. परंतु तिचे अवशेष कधी कधी आकाशातून आपल्या दारी येतात. २२ मे २०१२ रोजी दुपारी नागपूर जिल्ह्यातील काटोल परिसरात अशनींचा वर्षाव झाला. हे दगड कोंड्राइट या वर्गातील आहेत. या वर्गाच्या दगडांत खसखस ते मोहरी एवढे वाटोळे गोलक असतात. ते वितळलेल्या थेंबांच्या रूपाने सूर्याच्या तबकडीत तरंगत असताना गोठले. काटोलच्या दगडाला ज्या मूळ ग्रहबीजात तो होता, तेथे बरीच उष्णता लागली, त्यामुळे त्यातील गोलकांच्या कडा पुसट झाल्या आहेत. त्या पुसटपणातूनही एक हकिकत कळते: ग्रहबीज वाढल्यानंतर आतून तापले होते.

कालमानाची तुलना उद्बोधक आहे. दिंडोरी तालुक्यातील रामशेज किल्ल्याचा काळा कातळ आपल्याला अतिप्राचीन वाटतो. तो दख्खनच्या लाव्हाचा, सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा आहे. कोंड्राइट अशनींपैकी काहींत आढळणाऱ्या सर्वांत जुन्या घन कणांचे वय किरणोत्सारी मूलद्रव्यांच्या आधारे ४५६.७ कोटी वर्षे ठरले आहे. सूर्यमालेचे वय म्हणून आपण जो आकडा पाठ करतो, तो या कणांवरून आला. येथे ‘अनुमान’ म्हणण्याची गरज नाही. ‘मोजले आहे’ असे लिहावे. दूरच्या तबकड्यांबद्दल बोलताना ज्याला संयम पाळावा लागतो, त्याच लेखकाने हातातल्या दगडाबद्दल बोलताना उगाच कचरू नये. प्रत्येक वाक्यात ‘बहुधा’ घालणारा लेखकही वाचकाची दिशाभूलच करतो.

स्वाध्याय

१. फुगडी, सायकलस्वार आणि ओहोळ या तीन रूपकांपैकी एक निवडा. ते विषय कोठवर समजावते आणि कोठे अपुरे पडते, हे सुमारे १५० शब्दांत लिहा.

२. ‘तेजोमेघ’, ‘तबकडी’, ‘ग्रहबीज’ या शब्दांची घडण स्पष्ट करा. ‘तबकडी’ऐवजी ‘चकती’ योजल्यास अर्थच्छटेत काय फरक पडेल?

क्षेत्रीय कार्य

मार्गशीर्ष किंवा पौष महिन्यात अमावास्येच्या आसपासची निरभ्र रात्र निवडा. दिंडोरीसारख्या गावी राहणाऱ्यांनी वस्तीच्या दिव्यांपासून दूर, शेताच्या बांधावर जावे. सोबत कोणीतरी असावे. पौषात रात्री नऊच्या सुमारास तांबूस रोहिणी जवळजवळ डोक्यावर येते, पश्चिमेला कृत्तिकांचा पुंजका आणि आग्नेयेस मृग असतो. रोहिणीच्या वायव्येस चार चंद्रबिंबांएवढे अंतर नजरेने मोजा. त्या जागी नुसत्या डोळ्यांना काहीही दिसणार नाही. परत आल्यावर त्या जागेविषयी दहा वाक्यांची टीप लिहा. तुम्ही स्वतः काय पाहिले, दुसऱ्यांनी यंत्राने काय पाहिले आणि कशाचे केवळ अनुमान केले आहे, हे प्रत्येक वाक्याच्या क्रियापदावरून वाचकाला कळले पाहिजे. टीप अभ्यासकेंद्रावरील समंत्रकांना दाखवा.