निसर्ग-अभ्यास : सोनकी

भाद्रपदात सह्याद्रीचे उतार सोनकीने पिवळे होतात. पाऊस सरला की हीच खडकाळ जमीन कोरडी पडते. वर्षायू सोनकी तत्पूर्वी फुलून, बी टाकून वाळते. उन्हाळाभर मातीत उरते ते केवळ बी.

शिक्षकांनी एक ‘फूल’ उकलून दाखवावे. सूर्यफुलाच्या कुळातील या वनस्पतीचे ते फूल नसून अनेक पुष्पकांचे स्तबक होय. कडेची प्रत्येक ‘पाकळी’ हे स्वतंत्र पुष्पक. मधली पुष्पके नळीसारखी. मुलांना याचे मोठे नवल वाटते!

वर्गास एक-दोन स्तबके पुरेत. सजावटीसाठी रोपे मुळासकट उपटू देऊ नयेत. बी धरण्यापूर्वी उपटलेल्या रोपामागे काहीच उरत नाही. तोच उतार मार्गशीर्षात पुन्हा दाखवावा. तेथे वाळलेल्या काड्या आढळतील; त्यांखालची माती मुलांनी तुडवू नये.